आयशेजिकचे वय

प्रश्न असा आहे: १९६०च्या दशकात तुर्कस्तानात ‘आयशेजिक’ या नावाने घराघरांत पोहोचलेली झेय्नेप देइर्मेन्जिओलू ही बालअभिनेत्री विशीच्या उंबरठ्यावर पडद्यावरून बाजूला कशी झाली, तिची कारकीर्द फसली असे म्हणावे का, आणि तिचे काम आज पाहायचे झाल्यास सुरुवात कोठून करावी? लहानपणी डोक्यावर घेतली गेलेली मुले मोठेपणी मागे का पडतात, असा एक पोटप्रश्नही त्याला जोडलेला आहे.

मी गेली तीसेक वर्षे चित्रपटांचे आणि मालिकांचे संकलन करीत आलो आहे. लहान मुलांचे काम संकलकाच्या टेबलावर जितके उघडे पडते तितके ते अन्यत्र कोठेही पडत नाही. कोणता भाव मुलाचा स्वतःचा आहे आणि कोणता दिग्दर्शकाने चॉकलेट दाखवून काढून घेतला आहे, हे तेथे लपत नाही. तुर्की चित्रपटांकडे मी वळलो तो फिल्म सोसायटीच्या नादाने, आणि पुढे तो नाद सुटला नाही. या दोन्ही सवयींतून माझे जे मत झाले आहे ते आधीच सांगून टाकतो. झेय्नेपची कारकीर्द फसली नाही. ती एका पात्राची कारकीर्द होती; त्या पात्राचे वय ठरलेले होते, आणि ते वठवणाऱ्या मुलीचे वय मात्र दर वर्षी वाढत होते. या दोन वयांतले अंतर कोणी, कसे आणि किती काळ झाकले, हाच या कारकिर्दीचा खरा इतिहास आहे.

झेय्नेपचा जन्म ३१ डिसेंबर १९५४चा. वडील हम्दी देइर्मेन्जिओलू हे पटकथालेखक, त्यामुळे चित्रपटाचे जग तिला घरातच भेटले, आणि अगदी चिमुरड्या वयात ती पडद्यावर दिसलीही. तिचे नाव झाले ते मात्र १९६०मध्ये, मेमदूह उन यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘आयशेजिक’मुळे. त्या वेळी ती पाच वर्षांची होती. नावातला ‘जिक’ हा तुर्की भाषेतला लाडाचा प्रत्यय आहे. आयशे हे मुलीचे नाव आणि आयशेजिक म्हणजे आपली छोटुकली आयशे, जसे आपण सुमनची सुमी किंवा बाळाचा बाळ्या करतो. आडनावाचा अर्थही गमतीदार आहे. ‘देइर्मेन्जी’ म्हणजे गिरणीवाला आणि ‘ओलू’ म्हणजे मुलगा, म्हणजे या तारकेचे आडनाव ‘गिरणीवाल्याचा पोरगा’ असे होते. प्रेक्षकांना त्या लांबलचक आडनावाशी काही कर्तव्य नव्हते. त्यांनी प्रत्यय उचलला, आणि तो तिला चिकटला.

चित्रपट यशस्वी झाला आणि लगेच मालिका सुरू झाली. त्याच वर्षी अतिफ यिल्माझ यांचा ‘आयशेजिक शेयतान चेकिजी’ आला, आणि पुढच्या काही वर्षांत ‘यावरू मेलेक’, ‘आतेश पार्चासी’, ‘जानिम आन्नेम’, ‘फाकीर प्रेन्सेस’, ‘जिमजिमे हानिम’, ‘चिती पिती किझ’ अशी उपपदे लावलेले चित्रपट लागोपाठ आले. या नावांचे अर्थ पाहण्यासारखे आहेत. ‘शेयतान चेकिजी’ म्हणजे शब्दशः सैतानाचा हातोडा, पण बोलीत अर्थ होतो चपळ, खोडकर, कोणाला न आवरणारे पोर. ‘यावरू मेलेक’ म्हणजे देवदूताचे पिल्लू. ‘आतेश पार्चासी’ म्हणजे विस्तवाचा तुकडा, आपण म्हणू लवंगी मिरची. ‘चिती पिती किझ’ म्हणजे नाजूक ठुसकी पोर. बहुतेक नावे मोठ्या माणसाने लहान मुलीला मारलेल्या हाका आहेत. मुलीच्या स्वतःच्या तोंडचे म्हणता येईल असे ‘जानिम आन्नेम’, म्हणजे ‘माझी लाडकी आई’, एवढेच एक, आणि त्यातही ती हाक आईलाच मारते आहे. शीर्षकांवरूनच कळते की हे चित्रपट मुलांविषयी असले तरी तिकीट काढून बसणारा प्रेक्षक मोठा होता, आणि त्यातही आई होता.

हा प्रेक्षक कोठून आला, हे थोडे विस्ताराने सांगावे लागेल. तुर्की चित्रपटसृष्टीला येशिलचाम म्हणतात. इस्तंबूलच्या बेओलू भागात निर्मात्यांच्या कचेऱ्या ज्या गल्लीत एकवटल्या होत्या तिचे ते नाव, अर्थ ‘हिरवे पाइन’. १९४८मध्ये करमणूक कराची नवी व्यवस्था आली आणि परदेशी चित्रपटांवर ७० टक्के, तर देशी चित्रपटांवर २५ टक्के कर लागू लागला. एवढ्या एका फरकाने देशी चित्रपट काढणे हा फायद्याचा धंदा बनला. त्यानंतरच्या दशकात खेड्यांतून शहरांकडे माणसांचा लोंढा वाहू लागला, शहरांच्या कडेला रातोरात उभ्या राहणाऱ्या झोपड्यांच्या वस्त्या पसरल्या, आणि उन्हाळ्यात उघड्यावरच्या चित्रपटगृहांत अख्खी कुटुंबे खाऊचे डबे घेऊन बसू लागली. खास स्त्रियांसाठी दुपारचे खेळ होत. गाव सुटलेल्या, नवरा कामाच्या शोधात दूर गेलेल्या, सासर-माहेर दोन्ही लांब पडलेल्या बायका त्या खेळांना येत, आणि पडद्यावर एक पाच वर्षांची पोर तुटलेले घर जोडायला निघालेली पाहत. आई-वडिलांची गैरसमजातून ताटातूट, गरिबी, आजारपण, निष्ठुर श्रीमंत आणि या सगळ्यांतून निभावून नेणारी मुलगी, हा या चित्रपटांचा ठरलेला ऐवज.

हा ऐवज येशिलचामने हवेतून आणला नव्हता. पहिला ‘आयशेजिक’ केमालेत्तिन तूजू यांच्या लेखनावर आधारलेला होता. तूजू (१९०२–१९९६) हे नाव तुर्कस्तानात आजही उच्चारले की मध्यमवयीन माणसे हसतात आणि डोळेही पुसतात. जन्मतः पायांत व्यंग असल्यामुळे ते शाळेत गेले नाहीत, घरीच शिकले, आणि अनाथ, टाकलेल्या, राबणाऱ्या मुलांच्या शेकडो कथा त्यांनी लिहिल्या. त्या कथांतली मुले सोसतात, प्रामाणिक राहतात आणि शेवटी त्यांचे भले होते. टीकाकारांनी त्यांना रडकथा म्हटले; वाचकांनी त्या विकत घेतल्या. आपल्याकडच्या वाचकाला यात काही परके वाटू नये, कारण तुर्की प्रेक्षकालाही आपले चित्रपट परके वाटले नव्हते. ‘आवारा’ १९५०च्या दशकात तेथे ‘आवारे’ या नावाने लागला आणि त्याने अफाट गर्दी खेचली. १९६४मध्ये सादरी आलिशिक आणि आज्दा पेक्कान यांना घेऊन त्याची तुर्की आवृत्तीही निघाली. बापाने नाकारलेल्या मुलाची ती कथा ज्या प्रेक्षकाने उचलून धरली, त्यानेच आयशेजिकलाही उचलून धरले.

आता पैशाची बाजू, कारण तिच्यावाचून एकाच मुलीचे इतके चित्रपट का निघाले हे कळत नाही. येशिलचामच्या निर्मात्यांकडे स्वतःचे भांडवल फारसे नसे. देश वितरणासाठी इस्तंबूल, इझमिर, अंकारा, आदाना, सामसुन आणि झोंगुल्दाक अशा विभागांत वाटलेला होता, आणि प्रत्येक विभागाचा वितरक आपापल्या प्रेक्षकाला काय हवे ते निर्मात्याला सांगून आगाऊ रक्कम हुंडीच्या रूपाने देई. पटकथा अजून लिहूनही झालेली नसताना नटाच्या नावावर हुंड्या फिरत. अशा बाजारात ‘आयशेजिक’ हा शब्द शीर्षकात असणे म्हणजे अर्धा चित्रपट विकला जाणे. मुलीचे नाव पडद्यावर झेय्नेप असे येत असले तरी विकले जात होते पात्राचे नाव, आणि हुंडी देणाऱ्याला पात्र वाढलेले परवडणारे नव्हते.

चित्रीकरणाची पद्धत लहान मुलांना सोयीची होती, हे अनेकांच्या लक्षात येत नाही. येशिलचामचे चित्रपट आवाजाविना चित्रित होत आणि संवाद नंतर स्टुडिओत भरले जात. कॅमेऱ्यामागे एक माणूस पटकथा हातात धरून एकेक वाक्य वाचून दाखवी आणि नट ते म्हणत. आपल्या नाटकात विंगेतला प्रॉम्प्टर करतो तेच काम, फक्त उघडपणे आणि मोठ्या आवाजात. त्यामुळे पाठांतराचा प्रश्नच नसे. शिवाय चित्रीकरण चालू असताना दिग्दर्शक मुलीशी सरळ बोलू शके: आता दाराकडे बघ, आता खाली बघ, आता आई येते आहे. कच्ची फिल्म परदेशातून येई आणि ती जपून वापरावी लागे, म्हणून बहुतेक वेळा पहिलाच टेक अखेरचा. मोठ्या नटाला हा जाच वाटेल. लहान मुलाचा मात्र पहिला टेकच बहुधा सर्वांत जिवंत असतो. चौथ्या टेकला ते कंटाळते आणि सातव्याला नक्कल करू लागते. मी ज्या ज्या मुलांचे काम जोडले त्यांच्या बाबतीत हे शंभरपैकी नव्वद वेळा खरे ठरले आहे.

आवाजाची बाजू मात्र वेगळी होती. येशिलचाममध्ये पडद्यावरचा चेहरा एकाचा आणि आवाज दुसऱ्याचा ही रोजची बाब होती. तुर्कान शोरायसारख्या सर्वांत मोठ्या नायिकेलाही अदालेत जिमजोझ यांच्यासारख्या डबिंग कलावतीने आवाज दिलेला आहे. त्यामुळे त्या काळच्या कोणाही तुर्की नटाच्या ‘अभिनयाविषयी’ बोलताना आपण नेमके काय मोजत आहोत याचे भान ठेवावे. डोळे, मान, चालणे, थांबणे एवढेच खात्रीने नटाचे. झेय्नेपच्या बाबतीत एवढे पुरते, कारण तिची खरी ताकद ऐकण्यात आहे. समोरचे माणूस बोलत असताना ती ते ऐकत असते. बहुतेक मुले समोरच्याचे वाक्य संपण्याची वाट पाहतात, आणि ती वाट संकलकाला दिसते. मग आम्हाला त्या मुलावरून कट करून भिंतीवरच्या घड्याळाकडे जावे लागते.

येथे एक स्वतःचा अनुभव सांगतो, कारण पुढचा मुद्दा त्यावरच उभा आहे. वीसेक वर्षांपूर्वी माझ्याकडे एक मराठी चित्रपट संकलनाला होता, ज्यात सात वर्षांची मुलगी मुख्य भूमिकेत होती. निर्मात्याकडचे पैसे संपले आणि चित्रीकरण पाच महिने थांबले. पुन्हा सुरू झाले तेव्हा मुलीचे पुढचे दोन दात पडून नवे अर्धे आलेले होते. परिणाम असा झाला, की ती स्वयंपाकघरातून बाहेर पडते तेव्हा तोंडात दुधाचे दात, आणि ओसरीवर येते तेव्हा करवतीच्या कडेसारखे दोन नवे दात. आम्ही ओसरीवरची तिची दोन वाक्ये पाठमोऱ्या दृश्यावर टाकली, एक वाक्य आजीच्या हातांतल्या परातीवर टाकले, आणि तरीही पहिल्या खेळाला एका शाळकरी मुलाने ते ओळखलेच. पाच महिन्यांचे वाढणे असे परातीखाली झाकता येते. येशिलचामला अकरा वर्षांचे वाढणे झाकायचे होते.

त्यासाठी जे जे केले गेले त्याच्या केंद्रस्थानी वडील होते. हम्दी देइर्मेन्जिओलू यांनी मुलीच्या चित्रपटांपैकी अनेकांच्या पटकथा लिहिल्या. मुलीला काय पेलते, कोणत्या प्रसंगात ती खुलते, कोठे थकते हे जितके वडिलांना माहीत असणार तितके बाहेरच्या लेखकाला नसणार. पण त्याच वेळी घरातली मिळकत, मुलीचे बालपण आणि वितरकाची मागणी या तिन्हींचा हिशेब एकाच माणसाच्या लेखणीतून व्हावा, ही गोष्ट मला आजही अस्वस्थ करते. झेय्नेपच्या घरात काय घडत होते हे बाहेरून ठरवण्याचा अधिकार आपल्याला नाही, आणि मी ते ठरवतही नाही. मात्र ही रचना अपवादात्मक नव्हती, एवढे नक्की. पुढे ‘युमुर्जाक’ म्हणून गाजलेला इल्केर हा निर्माता-दिग्दर्शक तुर्केर इनानोलू आणि अभिनेत्री फिलिझ आकिन यांचा मुलगा होता, आणि ‘सेझेरजिक’ही त्याच इनानोलू घराण्यातला. बालनट घरचाच असला की करार सोपा होतो, वेळा सांभाळता येतात, आणि नाही म्हणणारे कोणी उरत नाही.

‘सेझेरजिक’, ‘ओमेरजिक’ ही नावे पाहिलीत तर आयशेजिकचा खरा वारसा दिसेल. सेझेर आणि ओमेर ही मुलांची नावे, त्यांना लावलेला तोच लाडाचा प्रत्यय, आणि चित्रपट बाजारात. प्रत्यय हाच जणू व्यापारचिन्ह झाला. आपल्याकडे हे काम ‘बेबी’ आणि ‘मास्टर’ या उपाध्यांनी केले. बेबी शकुंतला मोठेपणी नायिकेची कामे करू लागल्या तरी नावामागचे ‘बेबी’ सुटले नाही. तुर्की प्रत्यय त्याहून चिवट आहे, कारण तो नावाच्या पुढे-मागे न राहता नावातच मुरतो. ‘बेबी’ गाळून शकुंतला उरते; ‘जिक’ गाळला तर जी आयशे उरते तिला कोणी ओळखतच नाही.

झेय्नेप चौदा-पंधरा वर्षांची झाली तेव्हा येशिलचामने दोन उपाय केले. पहिला साधा होता. १९६९च्या ‘आयशेजिक इले ओमेरजिक’मध्ये तिच्या शेजारी ओमेर दोन्मेझ हा लहान मुलगा आणला गेला. नाव छोट्या आयशेचेच राहिले, पण चौकटीत तिच्याहून छोटे कोणी आले आणि लहानपणाचे ओझे त्याच्याकडे सरकले. त्याच वर्षीच्या ‘युवानिन बेकचिलेरी’ या चित्रपटाचे नाव ‘घरट्याचे राखणदार’ असे आहे. घर जोडणारी मुलगी आता घर राखणारी झाली.

दुसरा उपाय अधिक धाडसी होता, आणि माझ्या मते या कारकिर्दीतला सर्वांत पाहण्यासारखा काळ तोच. वास्तव जगातल्या कथेत पंधरा वर्षांची मुलगी ‘छोटुकली’ म्हणून खपत नाही, म्हणून तिला परीकथेत नेले गेले, जेथे वयाचा दाखला कोणी मागत नाही. १९७०मध्ये एर्तेम गोरेच यांनी ‘पामुक प्रेन्सेस वे येदी जुजेलेर’, म्हणजे हिमगौरी आणि सात बुटके, हा रंगीत चित्रपट केला. पोशाखांवर आणि मांडणीवर डिस्नेच्या १९३७च्या चित्रपटाची छाप उघड आहे. झेय्नेप हिमगौरी, सालिह ग्युनेय राजपुत्र, आणि दुष्ट राणीच्या भूमिकेत सुना सेलेन.

     आरशासमोर उभी राहून ‘सर्वांत सुंदर कोण’ असे विचारणारी राणी, आणि आरसा जिचे नाव घेतो ती ‘छोटुकली आयशे’.   तो आरशाचा प्रसंग पाहताना मला येशिलचामचा सारा हिशेब त्या काचेत दिसतो, आणि त्यात जिंकणाऱ्या मुलीलाही आपली घडी भरत आली आहे याची कल्पना नसावी असे वाटून जाते.

चित्रपटात आणखी एक गोष्ट घडते, जी संकलकाच्या डोळ्याला लगेच लागते. १९६०पासून झेय्नेपचा चेहरा बहुतेक वेळा मान वर केलेला आहे, कारण चौकटीतले दुसरे माणूस नेहमी तिच्याहून उंच. सात बुटक्यांबरोबर मात्र ती उंच आहे. ती खाली पाहते, ते वर पाहतात. आज्ञा देणे, समजूत घालणे, हाताला धरून बसवणे ही सगळी मोठ्या माणसाची कामे आता तिच्याकडे आली आहेत, आणि ती ते सहज करते. लहान मुलीचा अभिनय तिने तेथेच मागे टाकला होता, असे मी म्हणेन. तिला मोठे झालेले पाहण्याची तयारी नव्हती ती बाजाराची.

हे १९७१मध्ये लगेच दिसले. एका बाजूला सुरेय्या दुरू यांचा सिंड्रेलावरचा चित्रपट आला, जो निदान विवाहयोग्य मुलीची कथा सांगतो. दुसऱ्या बाजूला तुन्च बाशारान यांनी अमेरिकी लेखक एल. फ्रँक बॉम यांच्या ओझ या जादूच्या देशाच्या कथेवर बेतलेला चित्रपट केला, आणि त्याचे नाव ठेवले ‘आयशेजिक वे सिहिर्ली जुजेलेर रुयालार उल्केसिंदे’, म्हणजे आयशेजिक आणि जादूचे बुटके स्वप्नांच्या देशात. शेत, वादळ, बुजगावणे, पत्र्याचा माणूस, भित्रा सिंह सगळे आहेत. मेतिन सेरेझली, सुलेमान तुरान, अली शेन अशी भक्कम नटमंडळी आहेत. आणि हिमगौरीत चाललेले बुटके कथेत गरज नसताना येथेही आणलेले आहेत. मूळ कथेतल्या मुलीचे नाव बदलून आयशेजिक केले, कारण हुंडी त्या नावावर फिरणार होती. झेय्नेप त्या वेळी सोळा वर्षांची होती. योगायोग असा, की १९३९च्या अमेरिकी चित्रपटासाठी जूडी गार्लंडनेही हीच भूमिका सोळाव्या वर्षी, वयाहून लहान दिसण्याची कसरत करीत केली होती. तिच्या चित्रपटाला मात्र हॉलिवूडच्या एका बलाढ्य स्टुडिओची तिजोरी होती. तुर्की चित्रपटातले पुठ्ठ्याचे नेपथ्य आणि घाईने शिवलेले पोशाख आज परदेशातले विचित्र चित्रपटांचे शौकीन हसत हसत पाहतात. मी त्यांच्याबरोबर हसत नाही असे नाही. पण इतक्या तुटपुंज्या साधनांत ती मुलगी प्रत्येक दृश्यात समोरच्या मुखवट्यावर खरोखर विश्वास ठेवून बोलते, आणि तो विश्वास हसण्यासारखा नाही. बाशारान यांनीच पुढे १९८९मध्ये ‘उचुर्तमायी वुर्मासिनलार’ केला, ज्यात स्त्रियांच्या तुरुंगात वाढणारे एक मूल आहे. लहान मुलाच्या नजरेतून जग दाखवण्याची त्यांची समज तेथे किती पिकली होती हे ज्यांना पाहायचे असेल त्यांनी तो जरूर पाहावा.

मग झेय्नेप नायिका का झाली नाही? येथे तुर्कान शोरायशी तुलना केल्यावाचून राहवत नाही. तिचा जन्म १९४५चा आणि पडद्यावरचे पदार्पण १९६०चे, म्हणजे ज्या वर्षी पाच वर्षांची आयशेजिक प्रकट झाली त्याच वर्षी पंधरा वर्षांची तुर्कान नायिका म्हणून उभी राहिली. दहा वर्षांनी झेय्नेप पंधरा वर्षांची झाली तेव्हा ती हिमगौरी होती. येशिलचाममध्ये पंधरावे वर्ष हे नायिका होण्याचे वय होतेच. अडचण तिच्या वयाची नव्हती, तिच्या आधीच्या दहा वर्षांची होती. ज्या आयांनी तिला पाच वर्षांची असताना मनोमन दत्तक घेतले होते, त्यांना ती कोणा पुरुषाच्या मिठीत पाहवली नसती, आणि वितरकांना ते पक्के ठाऊक होते. अनोळखी मुलगी नायिका होऊ शकते. सगळ्या देशाची लेक झालेली मुलगी सहजासहजी होऊ शकत नाही.

शिवाय तिच्या पायाखालची जमीनही सरकत होती. १९७२च्या सुमारास तुर्कस्तानात वर्षाला तीनशेच्या आसपास चित्रपट निघत होते आणि धंदा शिखरावर होता. पण १९६८मध्ये प्रायोगिक प्रसारणाने सुरू झालेले सरकारी दूरचित्रवाणीचे जाळे वाढत गेले, आणि दुपारच्या खेळांना येणाऱ्या स्त्रिया, उन्हाळी चित्रपटगृहांतली कुटुंबे हळूहळू घरी बसू लागली. रिकाम्या झालेल्या खुर्च्या भरण्यासाठी दशकाच्या मध्यापासून निर्माते सवंग, शृंगारिक विनोदी चित्रपटांकडे वळले. त्या काळात अनेक प्रतिष्ठित नटनट्यांनी काम थांबवले, काही गाण्याच्या मंचावर गेले. झेय्नेप १९७०च्या दशकाच्या पूर्वार्धातच, विशीच्या सुमारास, बाजूला झाली. जो प्रेक्षक तिचा होता तो उठून गेला, त्याच्या थोडे आधी किंवा त्याच्याबरोबरच तीही उठली. त्यानंतर जुन्या कीर्तीवर दुय्यम कामे मागत फिरण्याची वेळ तिने स्वतःवर येऊ दिली नाही, हा निर्णय मला व्यावसायिकदृष्ट्या अत्यंत शहाणपणाचा वाटतो. फसलेली कारकीर्द मी जवळून पाहिली आहे. तिच्यात माणूस चाळिशीतही लहानपणीचे संवाद म्हणून दाखवतो.

पोटप्रश्नाचे उत्तरही यातच आले आहे. बालनट मोठेपणी मागे पडतात याचे कारण ‘प्रतिभा आटली’ असे सांगितले जाते, पण मुलाकडून जे घेतले जाते ते बहुधा प्रतिभेपेक्षा त्याच्या सवयीचा, उंचीचा आणि चेहऱ्याचा एक ठराविक काळ असतो. तो काळ कोणासाठी आणि किती तास घेतला, हे विचारणारा कायदा त्या वेळी प्रभावी नव्हता. आपल्याकडे २०१७पासूनच्या नियमांनुसार बालकलाकाराला दिवसात पाच तासांहून अधिक, आणि विश्रांतीवाचून सलग तीन तासांहून अधिक काम देता येत नाही, आणि मिळकतीतला किमान वीस टक्के भाग त्याच्या नावावर मुदत ठेवीत टाकावा लागतो. नियम चांगले आहेत. रात्री अकरा वाजता ‘फक्त एक क्लोजअप’ म्हणून झोपेतून उठवलेल्या मुलांचे क्लोजअप मी या नियमांनंतरही जोडलेले आहेत. डोळ्यांखालची सूज सांगते.

झेय्नेप थांबली तरी आयशेजिक थांबली नाही. १९६१च्या करारानंतर जर्मनीत कामाला गेलेल्या तुर्की कामगारांच्या घरांत १९८०च्या दशकात येशिलचामच्या व्हिडिओ कॅसेटी पोहोचल्या, आणि १९९०नंतर तुर्कस्तानात खासगी वाहिन्या सुरू झाल्या तेव्हा दिवसभराची वेळ भरण्यासाठी त्यांनी हेच जुने चित्रपट पुन्हा पुन्हा दाखवले. त्यामुळे ज्या पिढीचा जन्मच झेय्नेपच्या निवृत्तीनंतरचा, तिलाही ही पाच वर्षांची मुलगी घरच्यासारखी वाटते.

पाहण्याचा क्रम विचारला आहे, तो असा ठेवावा. आधी १९६०चा ‘आयशेजिक’ पाहा, आणि तूजूंच्या कथेचा तो काळा-पांढरा, संथ, खरोखर दुखावणारा सूर ध्यानात घ्या. मधले बरेच चित्रपट एकाच साच्याचे आहेत. ‘शेयतान चेकिजी’ एवढा पाहिला तरी भागेल, कारण त्यात रडण्यापेक्षा खोड्यांना अधिक जागा आहे आणि अतिफ यिल्माझ यांचा हात मुळातच हलका आहे. त्यानंतर थेट हिमगौरीवर या. ओझचा चित्रपट शेवटी, शक्यतो मुलांबरोबर पाहावा. बहुतेक प्रती दूरचित्रवाणीवरून उतरवलेल्या, रंग उडालेल्या आहेत, आणि भाषा येत नसेल तर उपशीर्षकांची आशा फार धरू नये. त्याने अडत नाही. आवाज बंद करून हिमगौरी पहिल्यांदा बुटक्यांच्या घरात शिरते तो प्रसंग लावा; ठेंगण्या दारातून आत येण्यासाठी लागणारे वाकणे, छोट्या वस्तूंकडे पाहणे आणि नंतर त्या सातांना समोर उभे करून बोलणे एवढेच पाहा, आणि मग लगेच १९६०च्या चित्रपटातला कोणताही एक प्रसंग लावा, ज्यात ती मोठ्या माणसाशी बोलते आहे.